एक जूनची नोंद

गुणवंतीबाईंच्या पुढ्यात शाळेचं जनरल रजिस्टर उघडून ठेवलं, तेव्हा त्यांनी आधी चष्मा पुसला. अक्षर त्यांचंच होतं. रुपालीचं नाव, आणि जन्मतारखेच्या रकान्यात एक जून दोन हजार तीन. बाई निवृत्त होऊन बारा वर्षं झाली, पण शाई कुठे फिकटलेली नव्हती.

रत्नागिरीच्या कोर्टात त्यांना साक्षीला आणलं होतं भिवाने. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत तो रुपालीकडून सात मतांनी पडला होता. उभं राहायला एकवीस वर्षं पूर्ण लागतात, आणि रजिस्टरच्या तारखेने रुपालीला अर्ज भरताना दोन महिने कमी पडत होते. भिवा बाईंचा जुना विद्यार्थी, आता शाळा समितीचा अध्यक्ष. बाईंचे यजमान आजारी असताना हाच गाडी घेऊन दारात उभा राहिला होता. आजही त्याच्याच गाडीतून त्या आल्या.

"बाई, तुमी फकत अक्षर वळखा," येताना तो म्हणाला होता. "आयशीनं सांगितली ती तारीख लिवली, येवडंच बोला."

बाईंनी त्यावर हो म्हटलं नव्हतं, नाहीही म्हटलं नव्हतं.

रुपालीकडेही एक कागद होता. आरोग्य उपकेंद्राच्या वहीत तिला त्याच वर्षी बारा मार्चला लस टोचल्याची नोंद होती. म्हणजे रजिस्टर खरं धरलं, तर पोरीला जन्माच्या अडीच महिने आधीच लस मिळाली. भिवाच्या वकिलांचं म्हणणं, ती दुसरीच कुणी रुपाली असेल. शाळेच्या नोंदीला मात्र आईच्या शब्दाचा आधार आहे.

शपथ झाली. अक्षर कुणाचं, असं वकिलांनी विचारलं. माझं, बाई म्हणाल्या. आणि तारीख कुणी सांगितली?

शाळा उघडण्याचा तो दिवस बाईंना लख्ख आठवत होता. दारात रांग, आणि डोंगरावरच्या वाडीतून रुपालीला घेऊन उतरलेली तिची आई काशी. नवरा मुंबईला, बाळंतपण घरात, जन्माचा दाखला नाही. तारीख विचारल्यावर ती म्हणाली होती, शिमग्याच्या आधी झाली; देवाची पालखी अंगणात आली तेव्हा माझ्या मांडीवर होती. रांग मोठी होती. तारीख सापडेना की एक जून टाकायची हाताला सवय होती. बाईंनी टाकली आणि काशीचा अंगठा घेतला.

"तारीख मी घातली," बाई म्हणाल्या. "आईने शिमग्याआधीचा जन्म सांगितला होता. मी तो लिहिला नाही."

वकिलांचा आवाज चढला. म्हणजे सरकारी रजिस्टरात तुम्ही खोटी नोंद केलीत?

बाईंनी कठडा धरला. हा प्रश्न येणार, हे घरून निघतानाच त्यांना ठाऊक होतं.

"अंदाजाची केली. या पानावर चौदा मुलं आहेत, त्यातल्या नऊ जणांची तारीख एक जून आहे. मोजून बघावं."

न्यायाधीशांनी रजिस्टर मागवून घेतलं आणि बोट फिरवत मोजलं. मग त्यांनी विचारलं, इतक्या मुलांमधली हीच कशी लक्षात राहिली?



"काशी दुसऱ्या दिवशी एवढा डोंगर उतरून परत आली होती," बाई म्हणाल्या. "मला विचारलं, बाई, शिमगा लिवलाव ना? मी हो म्हटलं."

बाहेर आल्यावर भिवाची गाडी जागेवर नव्हती. बाई चालत स्टँडवर गेल्या आणि एसटीने घरी आल्या.

जुलैत निकाल लागला. रजिस्टरमधली तारीख भरवशाची नाही, लसीची नोंद ग्राह्य, रुपालीचं सदस्यत्व कायम. रुपाली निकालाचा कागद घेऊन आली, तेव्हा बाईंनी तो तिच्याकडून दोनदा वाचून घेतला.

पंधरा ऑगस्टला शाळेतून दरवर्षी बाईंना बोलावणं यायचं. पुढच्या रांगेत त्यांची खुर्ची ठरलेली असे. यंदा कुणी आलं नाही. सकाळी त्यांनी इस्त्रीची साडी नेसली, छत्री घेतली आणि त्या गेल्या. मुलांच्या आया जिथे उभ्या होत्या, तिथे मागे जाऊन थांबल्या. पुढे बसलेल्या रुपालीने त्यांना पाहिलं, ती खुर्चीवरून उठू लागली. बाईंनी हातानेच तिला बस म्हणून खुणावलं, छत्री भिंतीला टेकवली आणि झेंडा वर जाताना ताठ उभ्या राहिल्या.