वरातीची घोडी खारबावला धावली

मित्रांनो, मी भिवंडीतल्या कामतघरची एक पांढरी घोडी आहे. माझे नाव शेवंती. मी बारा वर्षांची आहे आणि त्यातली आठ वर्षे मी नवरदेव वाहिले.

वरातीतला बेंजो वाजला की थांबायचे आणि जागच्या जागी पाय नाचवायचे, कानाजवळ फटाक्यांची माळ फुटली तरी दचकायचे नाही, एवढेच माझे काम. हाकेच्या अंतरावरच्या मांडवात पोहोचायला कधी कधी तीन तास लागत. मी घोडी असून मला कुणी कधी धावूच दिले नाही! याचा मला फार राग येई.

मग नवरदेव सजवलेल्या मोटारीतून जाऊ लागले. माझे मालक अनंता यांनी मला एका वीटभट्टीवाल्याला विकायचे ठरवले. तिथे मरेपर्यंत विटा वाहायच्या. अनंतांची मुलगी रूपा कापड विणणाऱ्या लूमच्या कारखान्यात कामाला होती. रोज ड्युटीवरून आली की ती मला खरारा करी. ती म्हणाली, "बाबा, रविवारी खारबावला शर्यत हाय. मी हिला पळवते. जिंकली तर ठेवायची."

"आनि हरली तर?"

"तर सोमवारी न्या. मी तोंडातून शब्द काढनार न्हाय."

भात कापून मोकळ्या झालेल्या शेतात शर्यत होती. मला पाहताच माणसे हसली. केसरीनाथ नावाचे गृहस्थ माइकवरून म्हणाले, "अनंताशेठ, लगीन पुढच्या गावात हाय! इथं शर्यत हाय!"

"नवरदेव कुठं इसरला?" मागून कुणीतरी ओरडले.

अनंता मान खाली घालून उभे राहिले. मला वाटले, एक लाथ झाडावी.

रूपा माझ्या पाठीवर बसली आणि शिट्टी झाली. आम्ही पाच जण सुटलो. आधी मी अडखळले, पण अर्ध्या वाटेपर्यंत तिघांना खूप मागे टाकले. पुढे फक्त महादूंचा काळा घोडा उरला. तो दर वर्षी जिंकायचा, म्हणून महादूंच्या माणसांनी बेंजो आणि फटाके आधीच आणून ठेवले होते. काळा पुढे दिसताच त्यांना धीर धरवला नाही. शेवटची रेघ शंभर हात लांब असतानाच त्यांनी माळ पेटवली.

काळा दचकून दोन पायांवर उभा राहिला. मला फटाक्यांचे काहीच वाटले नाही. पण बेंजो वाजू लागला आणि माझे पाय सवयीने थांबले. मी चक्क नाचू लागले! लोक खदाखदा हसले. स्वतःचाच एवढा संताप मला कधी आला नव्हता.

रूपा माझ्या मानेवर वाकून ओरडली, "शेवंते, आज वरात न्हाय! पळ बाय, पळ!"

मी पळाले. रेघ ओलांडली तेव्हा काळा अजून जागच्या जागी गोल फिरत होता.

"फटाक्यानं हरलो, घोडीनं न्हाय," महादू म्हणाले. मी तिघांना मागे टाकले होते, ते मात्र कुणीच बोलले नाही.

अनंता रडले. त्यांनी तिथूनच वीटभट्टीवाल्याला फोन लावला. "घोडी इकायची न्हाय." मग माझ्या गळ्यात झेंडूचा हार घातला, घरी आणून मला खुंट्याला बांधले आणि म्हणाले, "आता तू निसता आराम कर, बाय."

झाले! जिंकूनही धावणे माझ्या वाट्याला आलेच नाही. मित्रांनो, तुमच्याकडे एखादे जनावर असेल तर त्याला चारापाणी द्या, त्याचे अंग पुसा. पण रोज थोडा वेळ त्याला त्याच्या मनासारखे वागूही द्या. नुसते कौतुक करून बांधून ठेवू नका. अनंतांना हे सांगायला मला त्यांची भाषा येत नाही. म्हणून मी तो हार खाऊन टाकला आणि खुंट्याला हिसके देऊ लागले. दुसऱ्या दिवशी रूपा ड्युटीवरून आली, तेव्हा खुंटा अर्धा वर आला होता.