छत्तीस इंचांची कंबर

सभागृहात मुंगी शिरायला जागा नव्हती. मंचावर एक काळी पेटी होती आणि पेटीतून बोलत होते चार महिन्यांपूर्वी वारलेले शिंपीकाका.

"ऐकलंस का, दिवा लाव. दोरा दिसत नाही."

तोच आवाज, मध्येच खाकरायची तीच सवय. पहिल्या रांगेत काकूंचे डोळे भरून आले.

"देह ही नुसती खोळ," पांढऱ्या सुटातले अमरत्वतज्ज्ञ गरजले. "खोळ फाटते, माणूस उरतो. अर्ज भरा, पेटीत या. मरणाला आजपासून सुट्टी."

टाळ्यांचा कडकडाट झाला. शेजारी बसलेले धाकटे दीर काकूंच्या कानाशी लागले. "वहिनी, उद्याचं हृदयाचं ऑपरेशन रद्द करतो. उगाच छाती कशाला फाडून घ्यायची? दादाच्या शेजारची पेटी सांगून टाकतो." त्यांनी खिशातून पेनही काढलं.

एक माणूस गेला होता. दुसरा स्वतःच्या पायांनी निघाला होता. काकू उठल्या.

"यांना एक विचारू का?"

"काहीही विचारा ताई. काकांना सगळं ठाऊक आहे."

"अहो, आपल्या किराणावाल्यांची कंबर किती?"

"छत्तीस इंच," पेटी झटक्यात म्हणाली.

सगळं सभागृह मागे वळलं. किराणावाले दोन खुर्च्या व्यापून बसले होते. त्यांनी पोट आत ओढून पाहिलं. पोटाने दाद दिली नाही.

"मापाच्या वह्या आणि फोनवरचे निरोप तुम्हीच नेले होते ना?" काकूंनी सुटवाल्यांना विचारलं. "यांना गिऱ्हाइकाचं मन मोडवत नसे. वहीत छत्तीस लिहायचे नि कापड चव्वेचाळीसचं कापायचे. चव्वेचाळीस कुठेच लिहिलेलं नाही. काजं मी करायचे, म्हणून मला माहीत."

"काकू, मी आजवर छत्तीसच समजत होतो हो," किराणावाले कळवळले.

काकू पेटीकडे वळल्या. "अहो, चुकलात तुम्ही."

"तुझंच बरोबर आहे," पेटी नम्रपणे म्हणाली.

"बघा. हे वाक्य ते मेले तरी बोलले नसते."

हशा ओसरल्यावर सुटवाले पुटपुटले, "तसं... जे भरतो, तेच जुळवून बोलते ती. आवाज निरोपांतला."

"मग वही बोलते म्हणा की. माणूस कशाला म्हणता?" काकूंनी दिरांच्या हातातलं पेन काढून घेतलं. "भाऊजी, सकाळी सातला तयार राहा. डॉक्टरांनी तुमची छाती तपासलीय, वही नाही."

"आणि वहिनी, काही बरंवाईट झालंच तर?"

"तर रडेन. पण पेटीशी संसार करणार नाही."

मंडळी, ज्याने देह दिला त्यानेच त्यावर डोकंही बसवलंय. गेलेल्याचा आवाज ऐकून डोळे भरले तर भरू द्यावेत. सही मात्र डोळे पुसून, चार प्रश्न विचारून करावी.