हेमलाचा फेटिया

मित्रांनो, मी एक जुना फेटिया आहे. फेटिया म्हणजे बंजारा बायांचा घेरदार घागरा. माझ्यावरचे निम्मे आरसे गळाले. उरलेल्यांचं ओझंही आता मला पेलत नाही.

आसेगावजवळच्या तांड्यात कमलीबाईनं मला दोन हिवाळे बसून शिवलं, मुलीच्या लग्नासाठी. पण तिची हेमला लग्न न करता अमरावतीला चित्रकला शिकली आणि १९७४ साली शाळेत बाई झाली. शाळेत पांढरी साडी लागे. मी पेटीत गेलो.

एकदा आईच्या हौसेखातर मला नेसून ती मंगरुळपीरच्या बाजारात गेली. गर्दीत तिचे हेडमास्तर शेषराव समोर आले. तोंडाकडे न बघताच म्हणाले, "ए बाई, सरक बाजूले!"

आदल्याच दिवशी दोघांनी एका टेबलावर चहा घेतला होता.

पुढच्या बाजारापासून हेमलानं एक प्रयोग सुरू केला. बांगड्या विकणाऱ्या हुस्नाबानोच्या पालाशेजारी ती स्टूल टाकून मुकाट बसे. तासभर मला नेसून, मग पालात जाऊन तासभर साडी नेसून. समोर पाटी: 'मला ओळखा.' मी अंगावर असलो की लोक तिला लाकडं विकणारी समजून विचारत, "मोळी कितीले?" साडी असली की हात जोडत.

"बाई, कायले उन्हात बसून राह्यल्या?" हुस्नाबानोनं विचारलं.

"मी नेमकी कोन, ते पाहून राह्यली," हेमला म्हणाली.

चौथ्या बाजारी तिनं माझ्यावरच साडी नेसली. शेषराव आले नि थबकले.

"हेमलाबाई? हा काय तमाशा? शाळेची अब्रू काढता?"

"सर, मागं इथंच तुमी मले सरक म्हनलं होतं."

ते पाठ फिरवून निघून गेले. महिन्याभरात तिची बदली लांब धनजकडे झाली.

घरी कमलीबाई कडाडली, "लग्नासाठी शिवला होता मी! बाजारात मांडाले नाई!" ते हेमलाला बदलीपेक्षा जास्त लागलं. तिनं मला पेटीत कोंबलं, घडीसुद्धा न घालता. पुन्हा स्टूल मांडलं नाही. तीही थकली होती, मीही.

पेटीसोबत मीही धनजला गेलो आणि पाच वर्षं मला कसर खात राहिली. मग थकलेली कमलीबाई लेकीकडे राहायला आली. तिनं पेटी उघडली, मला मांडीवर घेतलं आणि सुईत दोरा ओवला.

एक आरसा लावता लावता तिनं विचारलं, "बाजारात बसत होती, तवा कोनी ओयखलं का व तुले?"

"नाई."

कमलीबाईनं दातानं दोरा तोडला. "मले तरी कुठं ओयखू आली तू," ती म्हणाली, आणि दुसरा आरसा लावायला घेतला. हेमला तिच्याजवळ येऊन बसली आणि सुईत दोरे ओवून देऊ लागली.

सगळे आरसे काही लागले नाहीत. कमलीबाईची नजर अधू झाली होती.

मित्रांनो, तुमच्याही घरी एखाद्या पेटीत माझ्यासारखं कोणी असेल. त्याला ऊन दाखवा, पण तेवढ्यावर थांबू नका. कधीतरी अंगावर घाला. माणसाची ऊब मिळाली नाही, की कापड फार लवकर विरतं.