माझ्यावर चारुदत्तचं नाव आहे

मी बशीचा तुकडा बोलतोय. हो, फुटक्या बशीचा. नाक मुरडू नका, मला मुद्दाम फोडलंय.

मॉस्कोच्या सिनेमा स्टुडिओत शूटिंगच्या पहिल्या दिवशी बशी फोडायची रीत होती. आपल्याकडे नारळ फोडतात ना, तसंच. आधी बशीवर सगळ्यांनी नावं लिहायची, मग ती कॅमेऱ्याच्या स्टँडवर आपटायची आणि ज्याने त्याने एकेक तुकडा घरी न्यायचा. चारुदत्तने खाली वाकून स्वतःच्या नावाचा तुकडा शोधला. तोच मी.

चारुदत्त पुण्याचा. तिकडे शिकायला गेला आणि कॅमेऱ्याचा फोकस सांभाळायच्या कामाला लागला. नट पुढे चालत आला की टेपने मोजलेल्या अंतराप्रमाणे भिंग फिरवायचं. जरा चुकलं की नटाचा चेहरा धूसर, आणि शिव्या याला. बारा वर्षांत नऊ सिनेमे केले. पडद्यावर नाव? एकदाही नाही! एका सिनेमात घोड्याचं नाव आलं, पण याचं नाही. संताप होतो हो माझा. बरं, हा पठ्ठ्या तोंड उघडेल तर शपथ. लग्नानंतर बायकोलाही एवढंच सांगितलं, "तिकडे नोकरी होती."

आता दोघं आयर्लंडला, डून लेरीत लेकीकडे राहतात. गेल्या आठवड्यात अस्मिता नावाची मुलगी भेटायला आली. ती डब्लिनच्या विद्यापीठात सोव्हिएत सिनेमातल्या पडद्यामागच्या माणसांवर प्रबंध लिहितेय.

"काका, स्टुडिओच्या याद्यांत तुमचं नाव सापडत नाही. काहीतरी लेखी दाखवा, मग तुमच्यावर अख्खं प्रकरण लिहिते."

"आहे," चारुदत्त म्हणाला. "गुरुवारी ये, दाखवतो." चाळीस वर्षांत त्याला इतकं खुलून बोलताना मी ऐकलं नव्हतं.

आणि बुधवारी नेमका सत्यनारायण! त्याच्या बायकोने, प्रमोदिनीबाईंनी, आदल्या दिवशी साफसफाई काढली. इथे गरम पाण्याच्या टाकीच्या कपाटाला हॉट प्रेस म्हणतात. तिथे मी मोज्यात गुंडाळलेला सापडलो.

"अगं बाई! उद्या पूजा आणि घरात फुटकं भांडं?"

रशियन अक्षरं त्यांना नक्षी वाटली. टाकलं मला कचऱ्याच्या काळ्या बिनमध्ये.

गुरुवारी सकाळी बिन फाटकाशी होती. खिडकी उघडी, त्यामुळे सगळं ऐकू येत होतं.

"अगं, माझ्या मोज्यातला तुकडा कुठाय?"

"तो फुटका? टाकला की. एवढं काय होतं त्यात?"

"माझं नाव होतं."

मला ओरडावंसं वाटलं, अरे, बोलत काय बसलात, आधी फाटकाशी या! तेवढ्यात कचऱ्याची गाडी आली, बिन उलटी झाली आणि मी केळ्याच्या सालींत जाऊन पडलो.

आता गाडी उतारावरून समुद्राकडे निघालीये. मागून प्रमोदिनीबाई अनवाणी धावतायत. "अहो, थांबा! थांबा ना! आमच्या ह्यांचं नाव आहे हो त्यात!"

अहो बाई, इंग्रजीतून ओरडा! ड्रायव्हरला मराठी येत नाही हो!