गळ्याआतला लाल टाका

"फकरुद्दीन! बाहेर ये जरा, गिऱ्हाईक तुलाच विचारतंय," पडद्यापलीकडून यासीनने हाक मारली.

फकरुद्दीनने सुई मांडीवरच्या कापडात खोचली. सौदीतल्या कतीफच्या या दुकानात सव्वीस वर्षं त्याने बिश्त शिवले आणि विकले होते. बिश्त म्हणजे लग्नाकार्यात तिथले पुरुष खांद्यावर घेतात तो जरीकाठी झगा. आता कायद्याने विकायला सौदी माणूसच हवा. म्हणून कफीलाचा, म्हणजे परवान्याला जामीन राहणाऱ्या दुकानमालकाचा, पुतण्या यासीन गल्ल्यावर आणि फकरुद्दीन पडद्याआड. पोरगा वाईट नव्हता, पण जरीतलं त्याला ओ की ठो कळत नव्हतं.

बाहेर अबू जाफर उभे होते, खजुराचे बागाईतदार. त्यांच्या तीन मुलांच्या लग्नातले बिश्त फकरुद्दीनच्याच हातचे. आता धाकट्याचं लग्न होतं. समोर पसरलेला बिश्त मात्र मशीनवरचा होता. गल्लीत हातकाम करणारे उरलेच होते कितीसे? कफीलाने सरळ बाहेरून गठ्ठे आणवले होते आणि सांगून ठेवलं होतं, "कुणी विचारलं तर हातचंच म्हणायचं."

"हातचं काम ना रे हे?" अबू जाफरनी विचारलं. "तुझा लाल टाका दिसत नाही कुठे."

स्वतः शिवलेल्या प्रत्येक बिश्तात गळ्याच्या आतून फकरुद्दीन एक लाल टाका घाली. ती त्याची सही. यासीनने डोळे वटारले. फकरुद्दीनचा इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, पुढच्या महिन्यात संपत होता, तो वाढवणं कफीलाच्या हातात होतं, आणि सकाळीच बायकोने, साबिराने, बजावलं होतं, "कफीलाशी गोडीत ऱ्हावा. आपल्या सानियाची बारावी होऊ दे, मग काय व्हायचा ता होऊ दे."

"घालायचा राहिलाय," फकरुद्दीन म्हणाला. "आत्ता घालून आणतो."

आत जाऊन त्याने लाल दोरा ओवला. एरवी मिटल्या डोळ्यांनी घालायचा टाका आज दोनदा चुकला. आपण चोरी करतोय, आणि तीही आपल्याच घरात, असं त्याला वाटलं.

अबू जाफरनी टाका पाहिलासुद्धा नाही. "तू म्हणालास ना, खलास," म्हणत त्यांनी घडी काखेत घेतली. मग फकरुद्दीनचा उजवा हात आपल्या दोन्ही हातांत धरून म्हणाले, "तस्लम ईदक." तुझा हात सलामत राहो. कारागिराला असं म्हटलं की त्याने लगेच 'अल्ला यसल्मक', अल्ला तुला सलामत ठेवो, अशी उलट दुवा द्यायची, हा तिथला रिवाज. फकरुद्दीनने ती हजारदा तरी दिली असेल.

आज त्याची नजर त्यांच्या काखेतल्या घडीवर गेली. म्हातारा हात धरून वाट पाहत राहिला.

"अल्ला यसल्मक," शेवटी गल्ल्यावरून यासीनच म्हणाला.