मेण लावलेला सांधा

चुलीवरच्या पातेल्याचं झाकण थडथडलं आणि दोघंही दचकले.

दोरवाला म्हातारा चर्चमागच्या स्वयंपाकघरात गुडघे टेकून बसला होता. चारचौघांदेखत पापाच्या कबुलीला जायची त्याची छाती होत नव्हती. फादरांनी झाकण बाजूला सारलं, हात पुसले आणि परत त्याच्यासमोर बसले.

"नीट सांग. दोर तुटला, का विहीरवाल्याचा हात सुटला?"

"तुटला, फादर. जुन्याला नवा जोडून दिलावता मी. सांधा दिसू नये म्हणून वरनं मेण चोळलं. विहीर उपसायला उतरला बिचारा, अन् दोर सांध्यावरच तुटला. पडून मेला तो."

"आणि प्यायला होता म्हणून कुणी उठवलं?"

"मीच. सगळे माझ्याकडं बघायला लागले, तोंडातनं निघून गेलं. तुटकं टोक चुलीत घातलं."

विहीरवाल्यानं दारू सोडून दोन वर्षं झाली होती. पण त्या दिवशीचं छातीठोक कोण सांगणार, म्हणून फादरही गप्प बसले होते. आता कळलं, तर सांगायची सोय उरली नाही. कबुलीत ऐकलेलं बाहेर नेता येत नाही.

"आधी त्याच्या बायकोला सांगून ये. मग क्षमा."

"सुनेचे दिवस भरलेत, फादर. लोक घरात घुसतील. बाळंतपण होऊ द्या, मग सांगतो. शब्द देतो."

"तुझा शब्दही जोडलेलाच असायचा."

बोलून गेले आणि त्यांचं त्यांनाच लागलं. म्हातारा फरशीला कपाळ लावून हुंदके देत होता.

"तुम्हीपण हाकला. मग मला तीच विहीर आहे."

हाकलावं तर हा जिवाला मुकेल, क्षमा द्यावी तर मेलेल्याची बदनामी तशीच. शेवटी फादरांचा हात वर गेला. त्यांनी क्षमेचे शब्द म्हटले.

तेवढ्यात विहीरवाल्याची पोर फादरांचा धुतलेला झगा छातीशी धरून आत आली. दोरवाला धडपडत उठला, तिच्या डोक्यावरून हात फिरवून "गुणाची गं बाय" म्हणाला आणि निघून गेला. चालणं हलकं झालं होतं त्याचं.

"आईनं बाहीपण शिवलीय, फादर." झगा ठेवून ती तिथंच घुटमळली.

"काय गं?"

"शाळेत कुणी माझ्याशेजारी बसत नाही. आई म्हणते, बाबा प्यायले नव्हते. गाव म्हणतं, प्यायले होते. तुम्ही तर खोटं बोलत नाही ना? सांगा ना, बाबा प्यायले होते का हो?"