खोकल्याची साल

भर दुपारी जाकमेल गावात मुखवटेवाल्यांच्या आळीत पाय ठेवायला जागा नव्हती. स्वतःला देवाचा माणूस म्हणवणारा भाऊ ओसियास माणसांचे रोग सोलून काढत होता. छातीला वाळ्याच्या वासाचं 'पवित्र पाणी' फासायचं, उन्हात बसवायचं आणि वाळलं की काळपट पापुद्रा सोलून गर्दीला दाखवायचा.

"बघा, सालीसकट आला," ओसियास म्हणाला. "आता औषधं घेऊ नका. आत रोगच उरला नाही, तर औषध भांडणार कुणाशी?"

हे पटलेल्यांत आळीतल्याच एर्मितचा धाकटा भाऊ सोनेल होता. क्षयाच्या गोळ्या सहा महिने घ्यायच्या होत्या, त्यानं चौथ्यातच सोडल्या. आपला पापुद्रा त्यानं कागदात जपून ठेवला होता. खोकला मात्र छातीतच होता. ओसियासच्या मते रोगाची मुळं आत राहिली होती. ती काढून घ्यायला आज तो सदरा उघडा टाकून रांगेत बसला होता.

घरात एर्मित मुखवटे करत होती. वाघाच्या मुखवट्याचा कान निखळला म्हणून तिनं चिकटवायच्या खळीत हात घातला आणि सवयीनं कोपरावरची वाळलेली खळ सोलू लागली. सोनेलच्या छातीवरून निघाला तसाच पापुद्रा निघताना बघून ती थबकली. मग तिनं सोनेलची पुडी उघडून वास घेतला. वाळ्याच्या वासाखाली व्हिनेगरचा वास होता. खळ आंबू नये म्हणून तीही व्हिनेगरच घालायची. तिनं तो पापुद्रा पाण्यात शिजवला, कान चिकटवला, वाळू दिला आणि मुखवटा घेऊन गर्दीत घुसली.

"भाऊ, हा माझ्या भावाचा क्षय," ती म्हणाली. "यानं कान चिकटवलाय. ओढून बघा."

ओसियासनं ओढला. कान निघाला नाही.

"देवाचा महिमा, ताई."

"कसाव्याच्या कंदाचं पीठ, पाणी, व्हिनेगर. साल तुटू नये म्हणून थोडा मध, काळी दिसावी म्हणून कोळसा." तिनं दंडावरची खळ सोलून त्याच्यापुढे धरली. "आणि मला कुठला रोग झालाय?"

लोक आपापली कोपरं बघू लागले. आळीतल्या प्रत्येकाला तोच रोग होता, लहानपणापासून. ओसियासनं पवित्र पाण्याच्या बरणीला झाकण लावलं.

"मग माझा खोकला?" सोनेलनं विचारलं.

एर्मितनं मुखवटा काखेत मारला. "होता तिथंच आहे. सोलून निघालं ते वरून लावलेलं होतं, बाबा. आतलं औषधानंच जाणार. सोडलेल्या गोळ्या आता कशा घ्यायच्या, ते डॉक्टरांना विचारू. चल."

सोनेल खोकला. मग सदऱ्याची बटणं लावून उठला.